तिसऱ्या रांगेतले परीक्षक

बत्तिशीराव कवळ्या करत. दातांचे डॉक्टर वेगळे आणि कवळी करणारा वेगळा, हे पुष्कळांना कवळी बसल्यावरसुद्धा कळत नाही. डॉक्टर तोंडाचं माप घेतात, त्या मापावरून प्लॅस्टरचा जबडा ओततात आणि तो पुठ्ठ्याच्या डब्यात घालून, वर चिठ्ठी चिकटवून, बत्तिशीरावांकडे पाठवतात. चिठ्ठीवर नाव नसतं, नुसता आकडा असतो. माणूस काळा की गोरा, बत्तिशीरावांना पत्ता नसे. त्यांची ओळख फक्त जबड्याशी. एकतीस वर्षं हेच केल्यामुळे रस्त्यात कुणी ओळखीचं हसलं, तर ते आधी दात ओळखत आणि मग माणूस.

त्यांची कामाची खोली एका लाँड्रीच्या वर होती. खिडकीपाशी लांबट टेबल, त्यावर स्पिरिटचा दिवा, गुलाबी मेणाच्या पट्ट्या, कोरायच्या बारीक सुऱ्या आणि दातांच्या रंगांची पट्टी. पांढऱ्या रंगाच्या इतक्या छटा असतात हे ती पट्टी पाहीपर्यंत कुणाला खरं वाटत नसे. भिंतीवरच्या फळ्यांवर शे-दीडशे प्लॅस्टरचे जबडे ओळीनं मांडलेले. पहिल्यांदा येणारा माणूस दारातच थबके.

बायकोही अशीच थबकली होती, लग्नाच्या आधी. ती बसआगारात ‘हरवलं-सापडलं’च्या खिडकीवर कामाला होती. छत्र्या, डबे, चष्मे यांच्याबरोबर महिन्याकाठी एखादी कवळीही तिच्याकडे जमा होई. त्यातली एक रुमालात गुंडाळून ती चौकशी करत करत इथे पोचली. बत्तिशीरावांनी रुमाल उघडला, कवळी उजेडात धरून फिरवली आणि म्हणाले, “ही माझी.” त्यांना म्हणायचं होतं की ही माझ्या हातची. तिला वाटलं, पंचविशीतला माणूस आणि तोंडात एक दात नाही. त्या कणवेपोटी ती जरा जास्तच वेळ बसली. गैरसमज दूर होईपर्यंत दोन कप चहा झाला होता, आणि मग व्हायचं ते झालं.

माणूस असा सरळ. कामाला चोख, बोलायला कमी, कुणाच्या अध्यात नाही की मध्यात नाही. फक्त एका बाबतीत त्यांचं डोकं जाग्यावर नसे, आणि ती बाब म्हणजे बाई.

बाई म्हणजे रंगभूमीवरच्या बाई. गावात बायका हजारो असतील, पण नुसतं ‘बाई’ म्हटलं की त्याच. मावशीचं पोट बिघडलं म्हणून तिचं तिकीट वाया जाऊ नये, एवढ्याच कारणानं बत्तिशीराव पहिल्यांदा नाटकाला गेले होते. मावशी दोन दिवसांत बरी झाली, यांचं मात्र कायमचं बिघडलं. तेव्हापासून बाईंचं एक नाटक त्यांनी सोडलं नाही. आणि ते घरमालकिणीचं नाटक, ज्यात बाई भाडेकरूंनी भरलेल्या घरात एक खोली वर्षानुवर्षं कुणालाच देत नाहीत, ते तर एकशे त्रेचाळीस वेळा. जागा ठरलेली, तिसरी रांग, डावीकडची कडेची खुर्ची. ती खिडकीवरची तिकीटवाली न सांगता बाजूला ठेवी.

घरात एक कपाट बाईंचं होतं. कात्रणं, जाहिराती, दुमडलेली तिकिटं. बत्तिशीरावांनी बाईंना अडुसष्ट पत्रं लिहिली होती आणि उत्तर एक आलं होतं. तेही पत्र नव्हे, सहीचा फोटो. तो फ्रेम करून कामाच्या टेबलावर टांगलेला होता, गेली एकोणीस वर्षं. बायको नाटकाला कधी गेली नाही. “बाकीच्यांच्या सवती घरात येऊन बसतात,” ती म्हणायची, “माझी आपली रंगमंचावर असते आणि पडदा पडला की घरी जाते. माझी काही तक्रार नाही.”

बाईंचं कौतुक कशाकशाचं करावं, तर बत्तिशीरावांच्या मते तीन गोष्टी जगात दुसऱ्या कुणाकडे नव्हत्या. एक, समोरच्या दोन दातांमधली फट. त्या फटीमुळे बाईंच्या ‘स’ला किंचित शिळेची झाक येई. दोन, हसताना त्यांचा डावा हात ओठांपर्यंत जाई आणि हसू बोटांआडून सांडे. या हातावर त्यांनी एक अख्खं नऊ पानी पत्र लिहिलं होतं. आणि तीन, ‘बारा वर्षं’. घरमालकीण शेवटच्या अंकात म्हणते, “बारा वर्षं ही खोली मी रोज झाडते. रिकामी नाही ती, राखलेली आहे.” आता गंमत अशी की बारा वर्षांपूर्वी घर सोडून गेलेल्या तिच्या अविवाहित मुलाची मुलगी म्हणून जी पोर नाटकात येते, ती असते पंधरा वर्षांची. हा हिशेब बसत नाही हे बत्तिशीरावांच्या दुसऱ्याच प्रयोगात लक्षात आलं होतं. त्यांनी नाटककारांना पत्र टाकलं. उत्तर आलं नाही. तेव्हा त्यांनी स्वतःच उत्तर शोधलं, की दुःखात माणसाची मोजदाद चुकते, आणि लेखकानं ती मुद्दाम चुकवली आहे. नाटकातली सर्वांत खोल जागा तीच, असं ते बायकोला जेवताना समजावून सांगत. ती मान डोलवे आणि ताटाकडे बोट दाखवे.

एका मंगळवारी दुपारी डॉक्टरांकडून डबा आला. वरच्या जबड्याची पूर्ण कवळी. दात काढण्याआधीचं जुनं मापही सोबत होतं, म्हणजे मूळ ठेवण कशी होती ते कळावं. बत्तिशीरावांनी ते जुनं माप हातात घेतलं आणि त्यांचा हात टेबलावरच थांबला. समोरच्या दोन दातांत फट. डावीकडच्या सुळ्याशेजारच्या दाताचा कोपरा उडालेला.

तो कोपरा कसा उडाला ते त्यांना माहीत होतं. ते तिथेच होते. चौतिसाव्या प्रयोगात दुसऱ्या अंकातलं दार अडकलं, बाईंनी ते जोरात ओढलं आणि त्याची कड तोंडावर आपटली. बाईंनी वाक्य तोडलं नाही. प्रेक्षकांत कुणाच्या लक्षातही आलं नाही. पण पुढच्या प्रयोगापासून त्यांचा ‘त’ बारीकसा बदलला होता, आणि बत्तिशीरावांनी तसं पत्रात कळवलंही होतं.

म्हणजे हा जबडा बाईंचा होता. बाईंचे वरचे सगळे दात गेले होते. ही बातमी अख्ख्या गावात फक्त डॉक्टरांना आणि त्यांना ठाऊक होती, आणि त्यांना तर ती ठाऊक असायलाही नको होती. बत्तिशीरावांनी खोलीचं दार लावून घेतलं. मग तो प्लॅस्टरचा जबडा टेबलावर ठेवून ते समोर नुसतेच बसले. एवढ्या जवळून बाईंना त्यांनी कधी पाहिलं नव्हतं.

बऱ्याच वेळानं त्यांनी चिठ्ठी वाचली. डॉक्टरांनी लिहिलं होतं, समोरचे दात सरळ लावावेत, फट नको.

बत्तिशीरावांनी एकतीस वर्षांत चिठ्ठीबाहेर एक रेघही काम केलं नव्हतं. चिठ्ठी म्हणजे त्यांना देवाघरचा शब्द. पण त्या दिवशी त्यांनी विचार केला, की डॉक्टरांना नाटकातलं काय कळतं. बाईंना विचारलंही नसेल. सगळ्यांना लावतात तसे एकसारखे दात बाईंना लावून मोकळे होतील आणि लोक विचारतील, या कोण? त्यांनी मेणात दात मांडले, आणि समोरच्या दोन दातांत जुन्या मापाप्रमाणे, केसाइतकाही फरक न करता, फट ठेवली. उडालेला कोपराही कोरला. असं सुंदर काम त्यांच्या हातून आजवर झालं नव्हतं.

कवळी पक्की करण्याआधी मेणातली तोंडात बसवून पाहतात. दोन दिवसांनी ती डब्यातून परत आली. डॉक्टरांनी फोनवर सांगितलं, की आरशात बघितल्याबरोबर पेशंट अशी काही चिडली की मलाच खुर्चीत बसावंसं वाटलं. चिठ्ठी वाचली होती ना? बत्तिशीराव म्हणाले, नजरचूक झाली. आयुष्यात पहिल्यांदा ते कामाबद्दल खोटं बोलले, आणि त्याचं त्यांना फार वाईटही वाटलं नाही, याचं त्यांना वाईट वाटलं.

दुसऱ्या वेळी त्यांनी फट निम्मी केली. निम्मी फट कुणाच्या ध्यानात येणार? इतकी वर्षं डोळ्यांत तेल घालून पाहणाऱ्या आपल्यासारख्याच्याच येईल, असा त्यांचा कयास होता. ते एवढंच विसरले, की ज्या माणसाचं तोंड असतं त्यानं ते त्यांच्याहून जास्त वर्षं पाहिलेलं असतं.

तिसऱ्या दिवशी दुपारी जिन्यावर पावलं वाजली. दर चार पायऱ्यांनी थांबत होती. दारात एक बाई उभ्या राहिल्या, तोंडाला रुमाल, हातात तो पुठ्ठ्याचा डबा. त्यांनी भिंतीवरचे जबडे पाहिले आणि त्या थबकल्या. मग नजर फ्रेमवर गेली. आणि मग टेबलामागच्या माणसावर.

बत्तिशीराव उठले, पण त्यांची दातखिळी बसली होती. दुसऱ्यांच्या दातांवर जन्म काढलेल्या माणसाला आपले दात वेगळे करता येईनात.

“तुम्ही होय,” बाई म्हणाल्या. तोंडात डॉक्टरांनी तात्पुरती दिलेली कवळी होती, ती दुसऱ्याच्या चपलेसारखी हलत होती, त्यामुळे शब्द घसरत होते. “मला वाटलंच होतं, डॉक्टरला माझ्या तुटक्या दाताचं एवढं प्रेम कशाला असेल.”

त्या स्टुलावर बसल्या आणि गुडघा चोळत त्यांनी जे सांगितलं, त्याची बत्तिशीरावांनी इतक्या वर्षांत कल्पनाही केली नव्हती. नाटक मंडळीत सगळे त्यांना ओळखत होते. नाव ठाऊक नव्हतं, पण नाव ठेवलेलं होतं, ‘परीक्षक’. पडद्याच्या कडेनं डोकावून कुणीतरी बघे आणि आत निरोप जाई, परीक्षक आलेत, सांभाळून. पडद्यामागून डोकावणारे ते डोळे बत्तिशीरावांनी अनेकदा पाहिले होते. आपण आलो की मंडळींना हुरूप येतो, अशी त्यांची समजूत होती.

“तुमचे ओठ हलतात,” बाई म्हणाल्या. “माझं वाक्य माझ्याआधी तुम्ही म्हणता. समोर अंधार असतो, तरी तिसऱ्या रांगेपर्यंत उजेड पोचतो. इतकी वर्षं मी माझीच वाक्यं आधी तुमच्या तोंडावर वाचते आणि मग बोलते. एकदा मुद्दाम एक शब्द बदलला, तर तुम्ही शाळेतल्या मास्तरांसारखी मान हलवलीत.”

बत्तिशीरावांनी विचारलं, पत्रं मिळत होती का.

पहिली चार वाचल्याचं बाईंनी सांगितलं. पाचव्यात, अमुक प्रयोगात पाण्याचा पेला डाव्या हातानं उचललात, नेहमी उजव्या हातानं उचलता, असं होतं. त्यानंतर त्या दोन आठवडे पेला उचलताना अडखळत होत्या. तेव्हापासून पत्रं धाकट्या बहिणीकडे जात. फोटोवरची सहीही त्या बहिणीचीच. बाईंनी फ्रेमकडे बोट केलं आणि म्हणाल्या, आता आलेच आहे तर खरी करून देते, काढा ती.

बत्तिशीराव फ्रेमकडे पाहत राहिले. एकोणीस वर्षांची सवय. त्या सहीतला शेवटचा फराटा त्यांना फार आवडायचा. शेवटी ते चाचरत म्हणाले, “राहू दे आता. ही बरी आहे.”

बाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. बहुधा त्याच क्षणी त्यांना कळलं असावं, की या माणसाशी भांडून उपयोग नाही, याला समजावून सांगावं लागेल.

“लहानपणी आई सांगायची, हसताना तोंडावर हात ठेव,” त्या म्हणाल्या. “फट दिसते. तो हात पुढे जन्मभर तसाच राहिला. मग नाटकात आले, तर मंडळीचे मालक म्हणाले, फट राहू दे, लोकांना आवडते. मी राहू दिली. माझ्या तोंडात काय असावं हे आधी आईनं ठरवलं, मग मालकानं, मग लोकांनी. आता देवानं सगळेच काढून घेतले. निदान नवे तरी माझ्या मनासारखे येऊ देत.”

बत्तिशीराव म्हणाले, “पण बाई, लोक हळहळतील.”

“लोक म्हणजे कोण? तुम्ही.”

बत्तिशीरावांना ते नऊ पानी पत्र आठवलं. ज्या हाताला त्यांनी अभिनयाचं शिखर वगैरे म्हटलं होतं, तो एका पोरीचा लाज झाकणारा हात होता. एकशे त्रेचाळीस वेळा समोर बसून त्यांना ते दिसलं नव्हतं. त्यांनी डबा उघडला, दिवा पेटवला, सुरी तापवली आणि बाईंच्या देखत समोरचे दोन दात मेणातून सोडवून एकमेकांशी भिडवले. रेघ सरळ आली.

पण काम तेवढ्यावर संपलं नाही. फट गेली तशी जिभेची वाटही बदलली. बाईंनी ती मेणाची कवळी बसवून दोन वाक्यं म्हटली, तर प्रत्येक ‘स’ ओला होऊन बाहेर पडला. दातांमागे टाळूवर मेण किती जाड ठेवायचं, यावर ‘स’ अवलंबून असतो, आणि ते मापानं कळत नाही, कानानंच कळतं. एरवी पेशंट कधी बत्तिशीरावांकडे येत नाही, डॉक्टरांमार्फतच सगळं चालतं. या वेळी बाईंनी परस्पर ठरवून टाकलं, की रोज दुपारी इथेच यायचं. डॉक्टरांनीही सुटलो म्हणून होकार दिला.

मग आठ-दहा दुपारी असा प्रकार चालला, की बाई वाक्यं म्हणत आणि बत्तिशीराव ऐकत. ऐकून झालं की कवळी हातात घेऊन नखाएवढं मेण खरवडत. पुन्हा वाक्य. खालच्या लाँड्रीवाल्याला वरून एकच वाक्य वीस-वीस वेळा ऐकू येई. कुणीतरी म्हातारी घरमालकीण भाडं सोडून नुसती खोलीबद्दलच भांडते आहे, असा त्यानं ग्रह करून घेतला.

शेवटच्या अंकातलं वाक्य आलं. बाई म्हणाल्या, “सोळा वर्षं ही खोली मी रोज झाडते.”

“बारा,” बत्तिशीराव लगेच म्हणाले.

“सोळाच आहे.”

ते हसले. या एका बाबतीत त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती. बाईंनी पिशवीतून नाटकाची जुनी संहिता काढली, पानं सुटलेली, दोऱ्यानं बांधलेली. पान उघडून त्यांच्यापुढे धरलं. तिथे सोळा होतं.

“‘सोळा’ म्हटलं की फटीतून शीळ जायची,” बाई म्हणाल्या. “नेमक्या रडवायच्या जागी लोक हसायचे. म्हणून तिसऱ्याच दिवशी मी बारा केलं. कुणाच्या लक्षात आलं नाही.”

सोळा म्हटलं की पंधरा वर्षांच्या पोरीचा हिशेब चोख बसत होता. नाटकातली ती सर्वांत खोल जागा, दुःखात चुकलेली मोजदाद, जिच्यावर त्यांनी बायकोची कितीतरी जेवणं थंड केली होती, ती दोन दातांमधल्या फटीत पडलेली निघाली. बत्तिशीरावांनी सुरी खाली ठेवली. ते हळूच म्हणाले, “तरीपण बारा बरं होतं.”

बाई इतक्या हसल्या की मेणाची कवळी निसटून हातात आली. ती त्यांनी झटकन पदराआड केली नाही. तशाच, बोळक्या तोंडानं, हसत राहिल्या. बत्तिशीरावांनी खिडकीबाहेर पाहिलं. चुकून दुसऱ्याच्या घरात शिरल्यासारखं त्यांना वाटलं.

कवळी पक्की होऊन गेली त्या दिवशी बाईंनी अट घातली. रविवारी दुपारी नव्या दातांचा पहिला प्रयोग होता. त्या प्रयोगाला आणि पुढेही मी सांगेपर्यंत तुम्ही यायचं नाही, त्या म्हणाल्या. तुम्ही समोर दिसलात तर मी दातांचाच विचार करीन, आणि तुम्हीही दातांचाच कराल. दोघांनी दातांचाच विचार केला तर नाटक कोण करणार? बत्तिशीरावांनी दाताच्या कण्या केल्या, शेवटच्या रांगेत बसतो म्हणाले, खांबामागे बसतो म्हणाले. बाई बधल्या नाहीत.

तिकीट मात्र काढलेलं होतं. त्यावर बायको गेली. जाताना तिनं विचारलं, मी नक्की काय बघायचं? त्यांनी एक कागदच लिहून दिला, सतरा कलमांचा. तिनं तो पर्समध्ये टाकला आणि दारातच सांगितलं की मी वाचणार नाही.

प्रयोगाला यायचं नाही असं ठरलं होतं, नाट्यगृहाच्या मागच्या गल्लीत यायचं नाही असं कुणी म्हटलं नव्हतं. बत्तिशीराव तिथल्या कट्ट्यावर हातातल्या घड्याळाकडे बघत बसले. भिंतीपलीकडचे शब्द कळत नव्हते, पण हशा आणि टाळ्या कळत होत्या. पहिला अंक मिनिटाला मिनिट जुळला. दुसऱ्या अंकात दाराच्या प्रसंगाला नेहमीचा हशा आला, त्यांनी समाधानानं मान हलवली. आणि मग, जिथे एकशे त्रेचाळीस प्रयोगांत कधीही कुणी हसलं नव्हतं, तिथे अख्खं नाट्यगृह हसलं. थांबलं आणि पुन्हा हसलं.

कवळी निसटली. दुसरं काय असणार? बत्तिशीराव मागच्या दाराकडे धावले. तिथल्या दरवानानं हात आडवा केला आणि खाली मान घालून सांगितलं, की बाईंनी तुमचं नाव घेऊन मनाई केली आहे. नाव म्हणजे परीक्षक. पुढचा सव्वा तास ते गल्लीत येरझाऱ्या घालत होते. त्यांनी मनातल्या मनात ती कवळी तीनदा पुन्हा केली.

प्रयोग सुटला तशी बायको बाहेर आली. डोळे लाल होते. त्यांनी विचारलं, निसटली ना?

“काय निसटलं?”

“कवळी.”

तिला क्षणभर कळेचना. मग ती म्हणाली, दातांकडे कोण बघतं? तो शेजारी छत्री विसरल्याचं सांगतो ना, तिथे बाई हसल्या. अशा मोकळ्या हसल्या, की आम्हाला आवरेना. हात वगैरे काही नाही, नुसत्या हसल्या.

“आणि सोळा म्हणाल्या का?”

“म्हणाल्या. तिथेच तर रडले,” ती म्हणाली. “पंधरा वर्षांची पोर समोर उभी आणि ही म्हणते सोळा वर्षं. म्हणजे तो गेला तेव्हा पोर व्हायची होती, कळतं की लगेच. तुम्ही जेवताना काहीतरी भलतंच सांगायचात.”

त्या रात्री बायकोनं पुढच्या दोन प्रयोगांची तिकिटं काढायला सांगितली, आणि दोन्ही स्वतःसाठी आहेत हे स्पष्ट केलं.

महिन्याभरानं बाईंनी मनाई उठवली. बत्तिशीराव बाराव्या रांगेत बसले. इतक्या लांब ओठांपर्यंत उजेड पोचत नाही अशी दोन्हीकडून खात्री झाली होती. पण तिथून त्यांना एक विचित्र अडचण जाणवू लागली. बाईंचा ‘स’ निर्दोष होता, सोळा जागच्या जागी होतं, हसू उघडं होतं, आणि त्यांना पाठ असलेलं नाटक हे नव्हतंच. पुढे काय होणार ते त्यांना कळेना. म्हणून ते पहिल्यांदाच इकडेतिकडे बघू लागले, आणि त्यांना तो शेजारी दिसला. छत्रीवाला. अकरा वर्षं तो त्या नाटकात येत होता, सहा वाक्यं बोलून जात होता, आणि बत्तिशीरावांनी त्याला फर्निचरइतकंही पाहिलं नव्हतं. माणूस चांगला होता. बाई ज्यावर हसत होत्या ते वाक्य तो फार नेमकं टाकत होता.

घरी येऊन राहवलं नाही म्हणून त्यांनी त्याला पत्र लिहिलं. चारच पानी.

तिसऱ्या दिवशी छत्रीवाला स्वतः कामाच्या खोलीत हजर झाला. पन्नाशीचा, टक्कल पडलेला, डोळ्यांत पाणी. त्याला आयुष्यात आलेलं हे पहिलं पत्र होतं. ते त्यानं बायकोला, सासऱ्याला आणि न्हाव्याला वाचून दाखवलं होतं. तो दोन तास बसला. मग गुरुवारी आला. मग दर प्रयोगाच्या दुसऱ्या दिवशी येऊ लागला. कालचं कसं झालं, ‘छत्री’वर जरा थांबलो ते बरोबर का, वळलो ते उजवीकडून वळावं की डावीकडून, तुम्ही कालच्याला का नव्हतात, तब्येत बरी आहे ना? बत्तिशीराव नसले तर तो खाली लाँड्रीत बसून वाट पाही. मागच्या आठवड्यात तर त्यानं स्वतःचा फोटो आणला, सही करून, फ्रेमसकट. बत्तिशीरावांनी कामाचं निमित्त सांगून पाहिलं, घरी पाहुणे आहेत म्हणून सांगून पाहिलं. शेवटी जिन्यावर त्याची पावलं ओळखू येऊ लागली, तसे ते कवळ्या घासायची मोटार बंद करून श्वास रोखून बसू लागले.

एका दुपारी बाई कवळीची कड घासून घ्यायला आल्या होत्या, आणि नेमकी तीच पावलं वाजली. बत्तिशीरावांनी बाईंना खुणेनं गप्प राहायला सांगितलं, दाराची कडी लावली आणि ते फळ्यांच्या आडोशाला जाऊन उभे राहिले. दार वाजलं, पुन्हा वाजलं. बाहेरून छत्रीवाल्यानं, आत आहात का हो, म्हणून विचारलं. मग पावलं हळूहळू खाली गेली.

बाईंनी हे सगळं स्टुलावरून पाहिलं. त्यांचे खांदे हलत होते.

“हसू नका,” बत्तिशीराव फळ्यांमागून बाहेर येत कुजबुजले. “कड घासायची राहिलीय. कुठे टोचतंय?”

“डावीकडे. मागे.”

“आ करा,” ते म्हणाले, आणि त्यांनी दिवा जवळ ओढला.